जात्याआड बोलणारे मामा

आमचे मामा बोलायचे ते फक्त कोणीतरी दळत असताना. जात्याची घरघर सुरू झाली की ओसरीवरून उठायचे, माजघराच्या उंबऱ्याशी येऊन टेकायचे आणि भिंतीकडे तोंड करून बोलायला लागायचे. जातं थांबलं की वाक्य जिथल्या तिथे सोडून द्यायचे. पुढचं वाक्य पुढच्या पायलीला. मला सुरुवातीला वाटायचं, म्हातारा पिठावर डोळा ठेवून बसलाय.

मामा म्हणजे माझ्या नवऱ्याचे सख्खे मामा, आत्याबाईंचे, म्हणजे माझ्या सासूचे, थोरले भाऊ. पहिल्या लढाईत मजूर पलटणीचा कारकून होऊन बसऱ्याला गेले आणि पलटण परत आली तरी हे आले नाहीत. घरच्यांनी रडून घेतलं. तिकडे हे फिरत फिरत बाकूला पोचले, पुढे रशियात आत शिरले, तिथल्या छापखान्यात चिकटले, आणि राजाला मारून कम्युनिस्टांनी जे राज्य आणलं त्यात पुष्कळ वर्षं राहिले. मी लग्न होऊन तळोद्याजवळच्या आमच्या गावी आले त्यानंतर वर्षभरानं एक दिवस ते दारात उभे राहिले. पायात भलेमोठे बूट, तोंडात एक दात सोन्याचा, आणि बोलणं असं जुनाट अहिराणी की त्यातले काही शब्द फक्त म्हाताऱ्या बायकांना कळले.

गावानं विचारलं, तिकडे काय करत होता? तर म्हणाले, "मी इतिहासकार शे." कोणत्या राजाचा, असं विचारल्यावर म्हणाले, राजाचा नाही, राजा मेल्यावर उरलेल्या माणसांचा. ती काय खायची, कुठे चूल मांडायची, कशाला भ्यायची आणि भ्यायल्यावर काय करायची, त्याचा. पुस्तक कुठाय म्हटलं, तर हसले. लिहिलेलं झडतीत सापडतं, म्हणाले. सगळं डोक्यात होतं त्यांच्या, आणि डोकं जड झालं की जात्यापाशी येऊन उतरवायचे.

त्यांच्या तऱ्हा काय सांगू! दाराकडे पाठ करून कधी बसायचे नाहीत. रस्त्यात चार माणसं ओळीनं उभी दिसली की काही न विचारता पाचवे होऊन उभे राहायचे. एकदा असे उभे राहून राहून न्हाव्यापुढे पोचले आणि मुकाट डोकं भादरून आले. काय मिळतंय ते आधी विचारायचं नसतं, आधी उभं राहायचं, मग कळतं, हा तिकडचा धडा. खोलीच्या दाराशी एक गाठोडं कायम बांधलेलं. त्यात दोन भाकरी, साबण आणि लोकरीचा जाडजूड सदरा. भाकरी शिळ्या झाल्या की बदलायच्या. वैशाखात, दगड तापतात तेव्हा, आत्याबाई म्हणायच्या, "भाऊ, लोकरनं काय करशी? कोठे जाशी?"

"कोठे नही. पन लेवाले येतीन ते तयार ऱ्हावाले पाहिजे."

कोण येणार न्यायला? एकदा मात्र खरंच आले. रशियातून आलेला माणूस म्हणून फौजदार चौकशीला आला. ओसरीवर बसून दरडावून म्हणाला, तुम्ही कम्युनिस्ट आहात का? मामा म्हणाले, नाही, मी त्यांचा इतिहासकार. फौजदाराला हे उत्तर कोणत्या कलमात बसवावं ते कळेना. तो चहा पिऊन गेला. मामा मात्र त्या दिवशी लहान मुलासारखे खूश. मी डाळ भरडायला बसल्यावर भिंतीला सांगितलं, "जोडा काढीसन आत उना! नाव सांगं, चहा पिना, समोर बठीसन इचारं! तिकडे कोनी काही इचारेच नही." मग म्हणाले, जिथे विचारत नाहीत तिथे जास्त भ्यावं.

मी पाटलाची सून. सासरे गावचे पाटील, आवाज कधी चढवायचे नाहीत. त्यांना गरज नव्हती. ते चौकात आले की चौकातली वाक्यं संपायची. माझं माहेर लांब, पार सावद्याकडे. मला दुसरेपणावर दिली होती. पहिलीला मूल नव्हतं, ती दिवाळीला माहेरी गेली होती तिथे पटकीनं वारली, असं माझ्या वडिलांना सांगितलं होतं. सवतीवर मुलगी द्यायची नाही, असं त्यांचं पक्कं, पण मेलेल्या सवतीला कोण घाबरतो! मलाही तिची भीती वाटली नव्हती. उलट या घरात ती कुठेच नव्हती, याचं थोडं बरंच वाटायचं.

मामांनी मात्र आल्या आल्या तिला पाहिलं. पाहिलं असंच म्हणते. माजघरात लुगड्यांच्या चार खुंट्या होत्या. एक आत्याबाईंची, एक माझी, एक धुण्याची. चौथीवर कोणी काही टांगत नसे. एका दुपारी मामा त्या चौथीपाशी कितीतरी वेळ उभे राहिले आणि तिच्यावरून बोट फिरवून बोट बघितलं. धूळ नव्हती. कोणीतरी रोज पुसत होतं. त्यांनी बहिणीकडे नुसतं पाहिलं. आत्याबाई चुलीकडे वळल्या आणि पेटलेल्या चुलीत उगीचच फुंकर घालू लागल्या.

नदीवरही तसंच काहीतरी होतं. मी लग्नानंतर पहिल्यांदा धुणं घेऊन गेले तेव्हा बायकांनी एका सपाट धोंड्याकडे हात केला. "तो तुन्हा." बाकीच्या दाटीवाटीनं धुवायच्या पण त्या धोंड्यावर कोणी पाय ठेवायचं नाही. मला वाटलं, पाटलाच्या सुनेचा मान. पण धोंड्यावर पाय टेकायच्या दोन जागा घासून खोलगट झालेल्या, आणि माझे पाय त्यात बसायचे नाहीत. माझे मोठे होते.

मामांचं एक म्हणणं होतं, ते जात्यापाशी पुन्हा पुन्हा सांगायचे. खोटं बोलणारा बोलण्यात चुकत नाही, ते तो पाठ करतो. तो चुकतो सवयीत. तिकडे एखादा माणूस नाहीसा झाला की शेजारी त्याचं नाव विसरायचे, फोटोतून त्याचं तोंड कातरायचे, मुलं शाळेत सांगायची की आम्हाला बाप नव्हताच. सगळं चोख. पण त्याची आई जेवायला वाढताना एक ताट जास्त उचलायची आणि परत ठेवायची. "इतिहास तठे सापडस," मामा म्हणायचे. म्हणून ते मला कधी मोठे प्रश्न विचारायचे नाहीत. भाकरी कोण आधी खातं? सणाला कोणतं भांडं काढतेस? पाटील घरात असताना कोणता शब्द वापरत नाहीस? मला गंमत वाटायची. माझ्या रांधण्यावाढण्याला कोणी इतिहास म्हटलेलं मी आधी ऐकलं नव्हतं.

असंच एकदा, पोळा होऊन गेला होता आणि मी गहू दळत होते. मामा म्हणाले, पितरपाटात काय काय करता सांग. मी सांगत गेले. आजेसासऱ्यांची तिथी, खीर, वडे, कावळ्याचा घास, मग सर्वपित्री.

"आनि नवमीले?"

"नवमीले काही नही."

मामांनी भिंतीवरून नजर काढली आणि माझ्या गळ्याकडे पाहिलं. मामासासरा सुनेकडे असं बघत नाही. मी पदर ओढला. त्यांच्या डोळ्यांत वावगं काही नव्हतं. डॉक्टर जीभ बघतो तसं बघत होते. मग हळूच म्हणाले, "आमनी माय बिजी व्हती. तिन्हा गळामा टाक व्हता." एवढं बोलून उठून गेले. जातं फिरत होतं तरी गेले.

हे ज्यांना माहीत नसेल त्यांच्यासाठी सांगते. नवरा हयात असताना गेलेल्या बाईसाठी पितरपाटातल्या नवमीला सवाष्ण जेवू घालतात. आणि बिजी, म्हणजे दुसरेपणावर आलेली बायको, मेलेल्या सवतीच्या नावाचा चांदीचा छोटासा टाक गळ्यात घालते. नवं लुगडं आधी त्याला लावायचं, मग आपण नेसायचं, म्हणजे मेलेली रुसत नाही. माझ्या आईनं पहिल्या माहेरपणातच विचारलं होतं, टाक कुठाय? मी आत्याबाईंना विचारलं, तर त्या म्हणाल्या, "आमनामा नही ऱ्हास." आमच्या लोकांत नसतो. आणि आता त्यांचाच भाऊ सांगत होता की त्यांच्या आईच्या गळ्यात होता. म्हणजे त्यांच्यात असतो. मग माझ्याच गळ्यात का नाही?

दोन दिवस मला काही सुचलं नाही. तिसऱ्या दिवशी नदीवर मी मामांसारखं केलं. सवत मेली का, असं विचारलंच नाही. धुणं आपटता आपटता शेजारच्या काशीबाईंना सहज म्हटलं, "काकू, मन्ही सवतना टाक घडावना शे. तळोदाना सोनार बरा का नंदुरबारना?"

काशीबाईंच्या हातातलं लुगडं सुटून पाण्यात गेलं. "काय बोलनी व माय! जित्ती बाईना टाक कोन घालस गळामा?"

बोलून गेल्या आणि दोन्ही हातांनी तोंड दाबलं. नदीवर दहा-बारा बायका होत्या. सगळ्यांचे हात थांबले. वाहून चाललेल्या लुगड्याकडे कोणी बघितलं नाही, सगळ्या माझ्याकडे बघत होत्या, आणि एकीच्याही तोंडावर आश्चर्य नव्हतं. तेव्हा मला कळलं. सगळ्यांना ठाऊक होतं. न्हाव्याला, तेल्याला, मला रोज "काय व पाटीलनी बहू" म्हणून हाक मारणाऱ्या प्रत्येक तोंडाला. अडीच वर्षं अख्खं गाव माझ्याशी गोड बोलत होतं आणि एका जिवंत बाईच्या मढ्यावरून चालत होतं. मी धुणं तसंच भिजलेलं उचलून घरी आले. त्या धोंड्यावर मी पुन्हा पाय ठेवला नाही.

तुम्ही म्हणाल, जिवंत आहे तर चांगलंच की. पण माझीही कूस अजून उजवली नव्हती. पहिलीला मूल झालं नाही, हे मला माहीत होतं. आणि आठवडाभर आधीच आत्याबाई मायेनं म्हणाल्या होत्या, "दिवाळीले मायघर जाय. सावकाश ये, घाई करू नको." पहिलीसुद्धा दिवाळीलाच माहेरी गेली होती. मी माहेरी गेले की इथं मरणार होते. पटकीनं म्हणा, तापानं म्हणा. मग कोणीतरी लांबची पोर माझ्या खुंटीवर लुगडं टांगणार, आणि गाव तिला म्हणणार, "तो धोंडा तुन्हा." नवऱ्याला काही विचारलं नाही. ज्यानं एवढे दिवस माझ्या हातचं खाऊन एक शब्द सांगितला नाही, तो आता काय सांगणार?

विचारलं मामांना. जात्यात दाणे नसताना जातं फिरवलं आणि विचारलं, "मामा, तुमले दिसनं, मंग तुम्ही बोलनात का नही?"

रिकाम्या जात्याचा आवाज फार वाईट असतो. त्या आवाजात मामांनी मला त्यांच्या बायकोची गोष्ट सांगितली. तिकडे त्यांनी लग्न केलं होतं, हे त्यांच्या बहिणीलाही माहीत नव्हतं. एका मोठ्या घरात सात बिऱ्हाडं, सगळ्यांचं स्वयंपाकघर एकच. एक दिवस बायको कामावर गेली ती आली नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी तिची किटली दुसऱ्या बाईच्या शेगडीवर होती. त्या बाईनं मामांना विचारलं, चहा घेणार? मामा हो म्हणाले. बायकोच्याच किटलीतला चहा प्यायले. पुढे कोणीतरी येऊन विचारलं, इथे कोण कोण राहतं? मामा म्हणाले, मी एकटाच. मग तेच म्हणत राहिले. म्हणता म्हणता एक दिवस त्यांना तिचा आवाज आठवेना.

"आठे बहीन शे," मामा म्हणाले, "तठे बायको व्हती. माले गप ऱ्हावानी सवय लागनी."

त्यांची कीव आली मला, आणि रागही आला. एवढा जगाचा अभ्यास करून हा माणूस शेवटी माझ्या सासूइतकाच गप्प! मी म्हटलं, तुम्ही राहा गप्प, मी नवमी करणार आहे.

आणि केली. कोणाला न विचारता काशीबाईंना सवाष्ण म्हणून जेवायला सांगितलं. त्या यायला तयार नव्हत्या, पण पाटलाच्या सुनेला नाही म्हणता येत नाही, हे त्या गावात माझ्या कामी आलं ते एवढंच. आत्याबाईंना वाटलं, काशीबाई सहज आल्यात. पाटील ओसरीवर, नवरा त्यांच्याशेजारी, मामा माजघराच्या उंबऱ्याशी. मी पाट मांडला, ताट वाढलं, खीर, वडे, भाजी, ताटाभोवती पाणी फिरवायला तांब्या घेतला आणि मोठ्यानं म्हटलं, "आत्याबाई, पहिलीना नावनं सवाष्ण जेवाडी ऱ्हायनू. नाव काय लेऊ?"

मला खरंच माहीत नव्हतं. त्या घरात राहून तिचं नाव माझ्या कानावर एकदाही पडलं नव्हतं.

आत्याबाईंच्या हातातली पळी थांबली. मी पाण्याची धार धरली. जिवंत माणसाच्या नावानं पितरांचं पाणी सुटणार, आणि हे माझ्या सासूला सोसवेना. तिनं नवऱ्याच्या धाकानं एक माणूस मारलं होतं, पण तिच्यानं टाक घडववला नव्हता, नवमी करवली नव्हती, ती रोज खुंटी पुसत होती. तिनं माझं मनगट धरलं.

"नको व पोरी. पाप लागी. जित्ती शे ती."

ओसरीवरून पाटलांचा नेहमीचा शांत आवाज आला. "कोन जित्ती शे?"

माझा नवरा पायाच्या नखाकडे बघत होता. मला वाटलं, संपलं. आत्ता सगळे म्हणतील, कोणी नाही, आणि मी म्हणेन, कोणी नाही, आणि दिवाळीला मी जाईन.

जातं बंद होतं. तरी मामा बोलले. इतक्या मोठ्यानं बोलले की गल्लीतली माणसं दाराशी आली. "बहीन, नाव सांग तिन्हं! मी आते एकला नही ऱ्हात, सांग!" त्या वाक्याचा अर्थ त्या घरात मला एकटीला कळला. म्हातारा बूट घातलेल्या पायांनी उंबऱ्यावर उभा होता, डोळे पाटलांवर. ते नुसते बोलत नव्हते, कोणाला तरी परत मागत होते.

"धुरपता," आत्याबाई म्हणाल्या.

"धुरपता," काशीबाई म्हणाल्या. "खांडबारानी. मन्ही पोरले तिनीच न्हावाडं व्हतं पहिल्यांदा." मग दारातली एक बाई म्हणाली, धुरपताच्या हातचं लोणचं अजून माझ्या बरणीत आहे, टाकवत नाही. तेल्याची म्हातारी म्हणाली, ती गाणं म्हणायची दळताना. एकेक करून सगळ्या बोलू लागल्या. इतके दिवस तोंडात धरून ठेवलेली बाई त्यांनी ओसरीवर आणून ठेवली. पाटील उठले आणि चौकात गेले. त्या दिवशी चौकातली वाक्यं संपली नाहीत, असं नवरा नंतर म्हणाला. तो माझ्याशी खरं बोललेलं ते पहिलंच वाक्य.

मामांना पाटलांनी त्याच संध्याकाळी घराबाहेर काढलं. ते खांडबाऱ्याला, धुरपताच्या माहेरगावी, गेले आणि स्टेशनजवळ एक खोली घेऊन राहिले. तिथेही रांगेत उभे राहायचे म्हणे. पण तिथे त्यांच्या घरात जातं नव्हतं, आणि ते येणाऱ्याजाणाऱ्याशी सरळ तोंडाकडे बघून बोलायचे, असं सगळे सांगतात. मला पुन्हा माहेरी जा असं कोणी म्हटलं नाही. ज्या बाईनं एक मढं उठवलं तिला मारायला कोण धजणार?

दिवाळीला मी स्वतःच निघाले. नवरा पोचवायला होता. होडीनं तापी ओलांडून नंदुरबारला आलो, आणि सावद्याकडची गाडी यायच्या आधी उलट्या बाजूची आली तिच्यात मी चढले. तो फलाटावर उभा राहिला. चढला नाही, अडवलंही नाही.

खांडबाऱ्याला मामांनी मला धुरपताचं घर दाखवलं आणि अंगणाच्या कुडाशी थांबले. ती सुपात तूर पाखडत होती. कपाळ उघडं. नवऱ्यानं टाकलेली बहीण म्हणून सांगायची लाज, तेव्हा भावानं तिथे सगळ्यांना सांगितलं होतं की ही विधवा. म्हणजे आमच्याकडे ती मेली होती आणि इथे तिचा नवरा. मी नाव सांगितलं, गाव सांगितलं, कोणाची कोण ते सांगितलं. ती माझ्या पायांकडे बघत राहिली. मी केव्हातरी येणार, हे ठाऊक असल्यासारखी.

मग अगदी साध्या आवाजात, शेजारणीला भाव विचारावा तशी म्हणाली, "मन्हा जीव कसामा गया व?"

"पटकीमा," मी म्हटलं.

तिनं मान हलवली. सुपातले दोन खडे वेचून टाकले.

"आनि रडनं कोन?"

मला खोटं बोलता आलं असतं. कुडाशी मामा उभे होते. मी म्हटलं, "कोनीच नही."

तिनं सूप खाली ठेवलं, पदर तोंडाला लावला आणि आपल्या मरणावर ती आपणच रडली. मी तिच्याजवळ बसले.